एकतिसाव्या वर्षी आजी: किकी किरिन यांच्या कारकिर्दीचं प्रकरण

१६ जानेवारी १९७४, बुधवार, रात्रीचे नऊ. जपानच्या टीबीएस वाहिनीवर 'तेराउची कान्तारो इक्का', म्हणजे 'तेराउची कान्तारोचं घर', ही नवी मालिका सुरू झाली. तोक्योतल्या यानाका भागातलं पाथरवटाचं कुटुंब. अवाढव्य, तापट कान्तारो, त्याची सोशिक बायको, मुलं आणि सगळ्यांना पुरून उरणारी कान्तारोची आई, किन. पडद्यावर नाती अगदी बरोबर दिसत होती. पडद्यामागचा हिशेब मात्र उलटा होता. कान्तारो झालेले संगीतकार कोबायाशी आसेई ४१ वर्षांचे, त्याची बायको झालेल्या कातो हारुको ५१ वर्षांच्या. आणि या दोघांची अनुक्रमे आई आणि सासू झालेल्या नटीने आदल्याच दिवशी ३१ पूर्ण केली होती.

तिचं तेव्हाचं नाव युकी चिहो. तीन वर्षांनी तिने ते नाव विकून टाकलं आणि किकी किरिन हे नाव घेतलं. जग तिला त्याच नावाने ओळखतं. जपानी रीतीने आडनाव आधी, म्हणून किकी हे आडनाव आणि किरिन हे नाव. इथे आपण त्यांना किरिनबाईच म्हणू.

नटीच्या धंद्यात वयाची भीती असते आणि ती रास्त असते. एकदा आईच्या कामाला 'हो' म्हटलं की नायिकेची कामं थांबतात, आणि आजीच्या कामाला 'हो' म्हटलं की फोनच येईनासे होतात. 'सारांश'मध्ये अनुपम खेर यांनी अठ्ठाविसाव्या वर्षी शिवाजी पार्कातले निवृत्त मास्तर प्रधान उभे केले, ते आजही धाडस म्हणून सांगितलं जातं. पण खेर तेव्हा नवखे होते, त्यांच्याकडे गमावण्यासारखं फारसं नव्हतं. किरिनबाई मात्र दहा वर्षं दूरचित्रवाणीवर मुरलेल्या होत्या. तरी त्यांनी म्हातारी घेतली, त्यानंतर चव्वेचाळीस वर्षं काम केलं आणि त्यांची सर्वांत मोठी कामं साठीनंतर झाली. हे जमलं कसं आणि त्याची किंमत काय पडली, एवढंच इथे पाहायचं आहे.

आधीचं थोडक्यात. जन्म १५ जानेवारी १९४३, तोक्योचा कांदा भाग. वडील सात्सुमा-बिवा हे तंतुवाद्य वाजवणारे. मुलीला औषधशास्त्राकडे जायचं होतं, पण परीक्षेच्या तोंडावर स्कीइंग करताना पाय मोडला आणि ती वाट बंद झाली. १९६१ मध्ये 'बुंगाकुझा' या नामांकित नाट्यसंस्थेत त्या शिकायला गेल्या. संस्थेच्या थोर अभिनेत्री सुगिमुरा हारुको यांच्या दिमतीला असताना दिग्दर्शक ओझू यासुजिरो यांचा सेट त्यांनी जवळून पाहिला. १९६४ मध्ये टीबीएसच्या 'शिचिनिन नो मागो' ('सात नातवंडं') या मालिकेत मोलकरणीचं काम मिळालं. मुख्य नट मोरिशिगे हिसाया संहिता बाजूला ठेवून आयत्या वेळी वाक्यं टाकणारे, आणि ती झेलायला समोर ही मोलकरीण. पुढचं सगळं भांडवल तिथेच जमलं: लक्ष मध्यावर नसताना कडेला उभं राहून काय करायचं, हे त्यांना नीट कळलं.

१९७० पासून 'जिकान देसु यो' ('वेळ झाली हो') ही सार्वजनिक न्हाणीघरातली विनोदी मालिका आली. निर्माते-दिग्दर्शक कुझे तेरुहिको. तिथेही किरिनबाई नोकरवर्गातच. याच कुझेंनी लेखिका मुकोदा कुनिको यांना घेऊन १९७४ मध्ये कान्तारोचं घर उभं केलं.

म्हातारी कशी केली

खरी सत्तरीची नटी का घेतली नाही, हा प्रश्न कुणालाही पडेल. मालिका पाहिली की उत्तर दिसतं. या घरात जवळजवळ प्रत्येक भागात मारामारी होते. बाप शंभर किलोंच्या वरचा, तो मुलाला उचलून फेकतो, वस्तू उलटतात, सगळे अंगणात धडपडतात. नातवाच्या भूमिकेतला गायक साइजो हिदेकी याचा चित्रीकरणात हातच मोडला होता. अशा गोंधळात आजीने नुसतं खुर्चीवर बसून बोलणं पुरत नाही. तिला वेळेवर वाटेतून सटकावं लागतं, वेळेवर मध्ये घुसावं लागतं. म्हातारीचं सोंग आणि तरण्याबांड अंगाची चपळाई दोन्ही हवी होती.

सोंगाचा तपशील पाहण्यासारखा आहे. केसांचा रंग उडवून ते पांढरट केले. पाठ वाकवली, आवाज बदलला. चेहऱ्याचं वय मेकअपने वाढवता येतं. घात होतो तो हातांनी. कौटुंबिक मालिकेचा कणा म्हणजे जेवणाचा प्रसंग: बुटक्या मेजाभोवती सगळे बसलेले, वाडगे-काड्या हातात आणि हात सतत तोंडाजवळ, म्हणजे चेहऱ्याच्याच चौकटीत. एकतीस वर्षांच्या बाईच्या हाताची कातडी ताणलेली असते, तिथे सोंग एका क्षणात उघडं पडतं. यावर किरिनबाईंचा उपाय साधा होता: बोटं कापलेले हातमोजे. हाताची पाठ झाकली, बोटं काड्या धरायला मोकळी. आणि म्हातारीला थंडी वाजते, तेव्हा हातमोजे असणारच, असं प्रेक्षकाने आपणहून मानलं. रंग थापून कातडी सुरकुतवण्यापेक्षा हे कितीतरी स्वस्त आणि टिकाऊ, शिवाय प्रत्येक भागाला तासभर मेकअपचा खोळंबाही नाही.

दुसरी युक्ती विनोदाची. किन-आजीच्या खोलीत तरुण गायक सावादा केंजी याचं पोस्टर होतं. त्याचं लाडकं नाव 'जूली'. आजी पोस्टरकडे बघून अंग घुसळत 'जूऽऽलीऽ!' असा हंबरडा फोडायची. हा हंबरडा साऱ्या देशाला पाठ झाला. मालिकेची सरासरी प्रेक्षकसंख्या ३१ टक्क्यांच्या घरात गेली आणि पुढच्या वर्षी तिचं दुसरं पर्वही आलं.

या आजीत एक गोष्ट पुढच्या सगळ्या कामाची नांदी होती. ती गोड नव्हती. ती खादाड, लबाड, पुरुषांवर भाळणारी, सुनेला टोचून बोलणारी होती. जपानी पडद्यावरच्या समजूतदार, मायाळू आजीला किरिनबाईंनी पहिल्याच फटक्यात रजा दिली.

नाव विकलं, चेहरा नाही

१९७७ मध्ये एका दूरचित्रवाणी वाहिनीने नवं नाव धारण केलं. त्या निमित्ताच्या कार्यक्रमात कलाकारांनी आपल्या वस्तू लिलावात काढायच्या होत्या. किरिनबाईंनी 'विकण्यासारखं दुसरं काही नाही' म्हणून आपलं युकी चिहो हे नावच लिलावाला काढलं. बोली २०,२०० येनवर थांबली आणि नाव एका कपड्यांच्या दुकानाच्या मालकाकडे गेलं. नवं नाव त्यांनी ध्वनीची गंमत म्हणून निवडलं. अक्षरांत 'वृक्ष', 'विरळ' आणि 'वन' असे अर्थ येतात.

ही थट्टा होती हे खरं, पण धंद्याच्या अंगानेही ती बघायला हवी. नाव हीच नटीची पत. सोळा वर्षं कमावलेली पत एका संध्याकाळी दुसऱ्याच्या हाती देऊन ही बाई दुसऱ्या दिवशी कामाला हजर झाली आणि कामं कमी झाली नाहीत. प्रेक्षक तिला नावाने ओळखतच नव्हते, तोंडाने ओळखत होते. हे तिला आधीच कळलेलं असावं.

त्याच सुमाराला जाहिराती आल्या. पिप एलेकिबान या चुंबकीय पट्ट्यांच्या जाहिरातीत त्या कंपनीच्या अध्यक्षांच्या शेजारी निर्विकार उभ्या राहायच्या. पण खरी गाजली ती फुजी कलरच्या छपाईची, १९८०ची. दुकानात फोटो धुवायला आलेली गिऱ्हाईक किरिनबाई, काउंटरमागे किशिमोतो कायोको. मूळ वाक्याचा आशय असा, की सुंदर माणसं अधिक सुंदर येतात आणि जी नाहीत तीही सुंदर येतात. किरिनबाईंनी हरकत घेतली: हे खोटं आहे, जी नाहीत ती सुंदर कशी येतील? वाक्य बदललं. 'सुंदर असतील ते अधिक सुंदर, नसतील ते... त्यांच्या मानाने.' त्या 'त्यांच्या मानाने'वर, जपानीत 'सोरेनारि नि', सारा देश हसला आणि तो शब्द बोलण्यात रुळला. कंपनीचा माल यात कुठेही उणा ठरत नाही, उलट खरं बोलणारा म्हणून विश्वासार्ह होतो. जाहिरातीच्या वर्गात हे उदाहरण अजून शिकवावं असं आहे.

जाहिरातींच्या पैशांचा परिणाम दूरवर गेला. पोट जाहिरातींवर भरत असल्याने नको ती भूमिका नाकारता आली. किरिनबाईंना जागा-जमिनींतही रस होता, त्यातूनही बळ मिळालं. कलावंताच्या चरित्रात असली माहिती तळटीपेत टाकतात, पण इथे ती मजकुरातच हवी. पैशाची ही बाजू वगळली तर त्यांचं स्वातंत्र्य निव्वळ स्वभावाचा गुण वाटू लागतं.

किंमत? ती याच खात्यात पडली. सत्तरच्या दशकाच्या शेवटी 'मू' आणि 'मू इचिझोकू' या मालिकांत त्यांनी गायक गो हिरोमी याच्याबरोबर विनोदी गाणी गायली, 'रिंगो सात्सुजिन जिकेन' ('सफरचंद खून प्रकरण') तर तुफान चाललं. जाहिराती, गाणी, मालिका, तिन्हीकडे तोच विक्षिप्त चेहरा. गंभीर चित्रपटाला असा चेहरा घेणं अवघड जातं, कारण तो दिसताच प्रेक्षागृहात हशा येतो. सुझुकी सेइजुन यांच्या १९८०च्या 'त्सिगोयनरवायझेन'मध्ये त्या आहेत, चित्रपट होतच राहिले, पण मुख्य भूमिका मिळायला अजून पाव शतक जायचं होतं.

त्यात १९७९ मध्ये 'मू इचिझोकू' संपल्याच्या समारंभात किरिनबाईंनी भाषणात कुझेंचं खाजगी प्रकरण सगळ्यांसमोर उघड केलं. कुझेंनी टीबीएस सोडलं, दोघांमध्ये अनेक वर्षं अंतर पडलं. दोन वर्षांनी, ऑगस्ट १९८१ मध्ये, मुकोदा तैवानमधल्या विमान अपघातात गेल्या. ज्या तिकडीतून किन-आजी आली, ती अशी मोडली. यातला पहिला घाव किरिनबाईंनी स्वतः घातला होता, हे लपवण्यात अर्थ नाही.

ऐंशीच्या दशकात एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीने त्यांना वेगळ्या उजेडात पाहिलं. १९८१च्या 'युमेचियो निक्की'त योशिनागा सायुरी यांच्या नायिकेसोबतची गेइशा, आणि १९८६च्या 'हानेकोन्मा' या रोज सकाळच्या पंधरा मिनिटांच्या मालिकेत नायिकेची आई. या आईसाठी सरकारी कला पुरस्कार मिळाला. हंबरडा नाही, पोस्टर नाही, सहा महिने रोज सकाळी घरातल्या कामात गढलेली बाई. विनोदी चेहऱ्यावरचा शिक्का इथे पुसट होऊ लागला.

मॅनेजर नाही, फॅक्स आहे

उतारवयात त्यांच्याकडे ना एजन्सी होती ना मॅनेजर. एवढ्या मोठ्या नटीचं काम चालायचं कसं, तर असं. फोन केला की उत्तरयंत्र बोलायचं: जुनी दृश्यं पुन्हा वापरायची असतील तर खुशाल वापरा, कामाचं विचारायचं असेल तर फॅक्स पाठवा. फॅक्स त्या स्वतः वाचायच्या, स्वतः उत्तर द्यायच्या. मोबदल्याची बोलणी स्वतः. चित्रीकरणाला स्वतः गाडी चालवत. कपडे पुष्कळदा स्वतःच्या कपाटातले.

यात फायदा उघड आहे: मधला माणूस गेला की दिग्दर्शकाचा प्रश्न सरळ नटीकडे येतो आणि नकारही सरळ जातो. तोटाही तेवढाच उघड. मधला माणूस नसला की रोष झेलायला कुणी नसतं, आणि आजारपणात तारखा सांभाळायला तर कुणीच नसतं.

आणि आजारपण आलंच. २००३ मध्ये डोळ्याचा पडदा सुटून डाव्या डोळ्याची दृष्टी गेली. २००५ मध्ये कर्करोगामुळे उजवा स्तन काढावा लागला. मार्च २०१३ मध्ये जपान अकादमी या चित्रपट पुरस्कारांतला सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार स्वीकारताना त्यांनी व्यासपीठावरच सांगितलं, की कर्करोग अंगभर पसरला आहे. सांगण्यामागचं कारण व्यवहारी होतं: त्या पुरस्काराच्या मानकऱ्याने पुढल्या वर्षीच्या सोहळ्याचं सूत्रसंचालन करायची प्रथा आहे, आणि त्यांना ते वचन देता येईना. सभागृह थिजलं. बाई मात्र तारखेचा हिशेब सांगाव्या तशा बोलल्या.

गंमत अशी, की कारकिर्दीचा सर्वांत भरघोस काळ या दोन आजारपणांनंतरचा आहे. २००७च्या 'तोक्यो टॉवर'मध्ये कर्करोगाने खंगत जाणारी आई. त्याच आईची तरुणपणची भूमिका त्यांची मुलगी उचिदा यायाको हिने केली, त्यामुळे दोन वयांतला सांधा मेकअपवर सोडावा लागला नाही. २०१२च्या 'वागा हाहा नो की'मध्ये स्मृतिभ्रंश झालेली आई. या दोन्हींसाठी जपान अकादमीचा सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार.

आणि दिग्दर्शक कोरे-एदा हिरोकाझु. २००८ ते २०१८ या काळात त्यांच्याबरोबर सहा चित्रपट. पहिला 'स्टिल वॉकिंग'. सुरुवातच स्वयंपाकघरात: मुळा किसणं, गाजर सोलणं, आई-मुलीच्या गप्पा. पुढे मक्याच्या दाण्यांची भजी येतात; दाणे कणसावरून बोटांनी सोडवायचे, तेलात टाकले की ते फुटून उडतात. स्वयंपाक करणाऱ्या प्रत्येक बाईला ओळखीची वाटेल अशी ही आई. थोरला मुलगा एका पोराला वाचवताना बुडून मेला आहे, आणि वाचलेला तो पोर, आता जाडगेला तरुण, दरवर्षी श्राद्धाला बोलावला जातो. धाकटा मुलगा म्हणतो, आता पुरे, त्याला अवघड होतं. आई विणकाम करत बसली आहे. त्याला अवघड व्हावं म्हणूनच बोलावते, अशा अर्थाचं ती बोलते. आवाज चढत नाही, सुई थांबत नाही. हात चालू असतात म्हणून वाक्य जास्त चावतं. हात थांबले असते तर तो 'मोठा प्रसंग' झाला असता आणि आपण सावध झालो असतो. १९७४ मध्ये हात लपवून वय आणलं होतं. इथे हात उघडे आहेत आणि चेहऱ्यावर नाही ते सगळं बोटांत आहे.

'आफ्टर द स्टॉर्म'मध्ये तेच सूत्र हलक्या सुरात. गृहसंकुलातल्या लहानशा घरात आई मुलापुढे ग्लासात गोठवलेलं काल्पिस हे दुधाळ सरबत ठेवते. ते दगडासारखं घट्ट. दोघं चमच्याने खरवडत बसतात आणि त्या खरवडण्यात आयुष्याचं बोलणं होतं.

२०१५चा 'आन' मराठी वाचकाला दोन कारणांनी जवळचा वाटेल. 'आन' म्हणजे अझुकी या लाल कडधान्याचं पुरण. ते दोन जाडसर धिरड्यांमध्ये भरून दोरायाकी करतात. कावासे नाओमी यांच्या या चित्रपटात म्हातारी तोकुए एका लहान दुकानात कमी पगारावर पुरण करायला येते. अझुकी भिजवायचे, उकळी आली की तुरट पाणी ओतून टाकायचं, मंद शिजवून वाफेत ठेवायचे, पाणी नितळ होईपर्यंत हलक्या हाताने बदलायचं, साखर घातल्यावर घाई न करता थांबायचं, मग दाणा न मोडता आटवायचं. किरिनबाई भांड्यावर इतक्या वाकतात, की दाणे काही सांगताहेत आणि त्या ऐकताहेत असं वाटतं. पण तोकुएची बोटं वाकडी आहेत. तिला कुष्ठरोग होऊन गेला आहे, आणि गिऱ्हाइकांना ते कळलं की दुकान ओस पडतं. जपानमध्ये कुष्ठरुग्णांना सक्तीने वेगळं ठेवणारा कायदा १९९६ पर्यंत होता. औषध येऊन दशकं लोटली तरी माणसं भिंतीआडच. आनंदवन माहीत असलेल्याला या भिंतीचं वजन समजावून सांगावं लागत नाही. चित्रीकरण तोक्योच्या उपनगरातल्या तामा झेन्शोएन या खऱ्या वसतिस्थानात झालं. हा चित्रपट फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात 'अं सर्तें रगार' विभागाचा उद्घाटनाचा ठरला. त्यात शाळकरी मुलगी झाली आहे किरिनबाईंची नात, उचिदा क्यारा.

कवळी

शेवटचं मोठं काम 'शॉपलिफ्टर्स'. चोरीमारीवर जगणाऱ्या, रक्ताचं नातं नसलेल्या कुटुंबातली आजी. इथे किरिनबाईंनी स्वतःची कवळी काढली आणि केस अस्ताव्यस्त वाढू दिले. माणूस मोडत जातो म्हणजे काय ते दिसावं, एवढाच हेतू. कवळी निघाली की गाल आत जातात, ओठांचा आधार सुटतो, शब्दांत हवा शिरते. संत्रं चावता येत नाही, हिरड्यांनी चोखावं लागतं, आणि ते चोखणं कॅमेऱ्यासमोर सावकाश होतं. पंचाहत्तरीची नटी स्वतःचं रूप इतकं उतरवते तेव्हा दिग्दर्शकही जरा बिचकतो. मेकअपने हा परिणाम येत नाही. आला तरी जेवताना पकडला जातो. हातमोज्यांचा धडा उलट बाजूने.

समुद्रकिनाऱ्याचा प्रसंग आधी, उन्हाळ्यात चित्रित झाला. बाकीचं बरंचसं पुढे हिवाळ्यात. वाळूत बसलेली आजी पाण्यात उड्या मारणाऱ्या 'कुटुंबा'कडे बघते आहे. तिचे ओठ हलतात, आवाज नाही. संहितेत तिथे काही नव्हतं. चित्रफीत पाहताना कोरे-एदांच्या लक्षात आलं, की ती 'आभारी आहे' म्हणते आहे. मग त्यांनी उरलेली संहिता त्या न ऐकू आलेल्या वाक्याकडे जाईल अशी बदलली. मे २०१८ मध्ये चित्रपटाला पाल्म दॉर हा कानचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याआधीच, मार्चमध्ये, किरिनबाईंनी कोरे-एदांना हाडांत पसरलेल्या रोगाची प्रतिमा दाखवली होती.

काम मात्र चालू होतं. 'निचिनिची कोरे कोजित्सु'मधल्या चहाविधीच्या गुरू त्यांनी केल्या; तो चित्रपट ऑक्टोबर २०१८ मध्ये आला, तेव्हा त्या नव्हत्या. ऑगस्टमध्ये मांडीचं हाड मोडलं होतं, १५ सप्टेंबर २०१८ रोजी तोक्योतल्या राहत्या घरी त्या गेल्या. कर्करोगाच्या शस्त्रक्रियेला तेरा वर्षं झाली होती.

त्यांनी चित्रित केलेला शेवटचा चित्रपट जर्मन दिग्दर्शिका डोरिस डोरी यांचा. उन्हाळ्यात, मृत्यूच्या दोनेक महिने आधीचा. भूमिका चिगासाकी इथल्या एका जुन्या सराईच्या मालकिणीची, आणि सराई खरीच. 'चिगासाकीकान' नावाच्या या सराईत ओझू यासुजिरो पटकथा लिहायला मुक्कामाला येत असत. सुगिमुराबाईंच्या दिमतीला असलेल्या मुलीने ज्यांचा सेट कडेला उभं राहून पाहिला होता, तेच ओझू.